एक पाय जमिनीवर

बुऱ्हाणपुरात सायकलवरून पळणाऱ्या माणसाला पायी चालणाऱ्या माणसानं गाठल्याची घटना एकदाच घडली, आणि ती वामनमास्तरांच्या बाबतीत घडली. मास्तर ती लपवत नसत. उलट इतक्या वेळा सांगत की दर खेपेला सायकलचा वेग दोन मैलांनी वाढे. एकावन्न साली जी चेन उतरणारी, हँडल डावीकडं ओढणारी सायकल होती, ती पंचावन्न सालापर्यंत उताराला लागलेली मालगाडी झाली होती.

मास्तर पळत होते ते एका समन्सापासून. त्यांच्या शाळेच्या बक्षीस समारंभात दोन प्रतिष्ठित पालकांनी एकमेकांना छत्र्यांनी झोडपून काढलं होतं. तीन पायांच्या शर्यतीत कोणाच्या मुलानं कोणाच्या मुलाला पाडलं, एवढाच मुद्दा. प्रकरण कोर्टात गेलं. ड्रिलमास्तर म्हणून शिट्टी वामनमास्तरांच्या गळ्यात, म्हणून साक्षीदारही तेच. दोन्ही पालक शाळेच्या कमिटीवर. याच्या बाजूनं बोलावं तर तो नोकरी खाणार, त्याच्या बाजूनं बोलावं तर हा. मास्तरांनी विचार केला, समन्स हातात पडलंच नाही तर साक्ष कसली? कोर्टाचा माणूस गल्लीच्या तोंडाशी दिसला तसे ते मागच्या दारानं निघाले, सायकलवर टांग टाकली आणि निंबोल्याच्या रस्त्याला लागले.

दोन मैलांवर त्यांनी मागं वळून पाहिलं. खाकी कोट, छातीवर पितळी बिल्ला, काखेत कापडी पिशवी, असा एक काटकुळा माणूस येत होता. पळत नव्हता. चालत होता. पण काय ते चालणं! कंबर एका गावाला निघालेली, खांदे दुसऱ्या गावाला, आणि मधल्या पोटानं कोणाबरोबर जावं हे अजून ठरवलेलं नाही. टाचा अशा पडत होत्या की जणू शिंप्याचं मशीन रस्त्याला टाके घालत चाललंय. दोन्ही बाजूंच्या केळी त्याच्या वाऱ्यानं वाकत होत्या, असं मास्तर सांगत. एका बैलगाडीचे बैल आपण होऊन बाजूला झाले आणि गाडीवानानं साहेबाची मोटार समजून सलाम ठोकला. मास्तर सीटवरून उठून पायडल मारू लागले. माणूस जवळ आला. मास्तरांनी वारा कापायला टोपी काढून खिशात कोंबली. माणूस आणखी जवळ आला. निंबोल्याच्या अलीकडच्या नाल्यात चेन उतरली, सायकल आडवी झाली, आणि मास्तर चिखलातून वर पाहतात तो डोक्यावर तो उभा. धापसुद्धा लागलेली नाही.

"मास्तर, तुमी कायले पयता? इथं सही करा."

"मी पळत नव्हतो. व्यायाम करत होतो."

"व्हय. मले बी तसंच वाटलं. म्हनून म्या आवाज नाही देला."

"अरे, मग धावत येऊन गाठायचंस! एवढा वेळ माझा जीव टांगून ठेवलास."

"धावलं की घाम येते, घामानं कागद भिजते, अन् भिजला कागद साहेब घेत नाही."

मास्तरांनी सही केली. मग चिखलातच बसून विचारलं, "रोज असाच चालतोस?"

"नाही जी," तो ओशाळून म्हणाला. "आज हयू चाललो. टाचेत काटा हाये."

साक्षीच्या दिवशी मास्तरांनी कोर्टात सांगितलं की नेमक्या त्या क्षणी आपल्या डोळ्यांत धूळ गेली होती. खटला मोडला, दोन्ही पालक खूश झाले, मास्तरांची नोकरी वाचली. घरी परतताना त्यांच्या डोक्यात खटला नव्हताच. डोक्यात त्या टाचा वाजत होत्या.

त्याचं नाव उखर्डू. आधीची तीन भावंडं पाळण्यातच गेलेली, म्हणून हा जन्मला तसा आईनं याला उकिरड्यावर ठेवला आणि शेजारणीनं उचलून पसाभर ज्वारीला परत आईलाच विकला. मृत्यूला वाटावं, हे टाकून दिलेलं पोर, याला नेऊन काय करायचं? युक्ती लागू पडली. मृत्यू फसला. पण पुढं सरकारही फसलं आणि त्यानंही याला टाकून दिलेलंच समजून चालवलं. नोटिसा वाटायच्या कामावर उखर्डू अकरा वर्षं होता आणि अकरा वर्षं हंगामी होता. दर तीन महिन्यांनी साहेबाची मर्जी, दर तीन महिन्यांनी नवा हुकूम. इकडं इच्छापूर, तिकडं तुकईथड, एवढा मुलूख त्याच्या पायाखाली होता. त्याचा खाकी कोट लांबून दिसला की कर्ते पुरुष कडब्याच्या गंजीत शिरत, आणि हा गंजीपाशी उभा राहून नम्रपणे म्हणे, "पाटील, पाय दिसून राह्यले."

त्याची बायको धुरपदाबाई. मूलबाळ नव्हतं. शनवारा दरवाज्याबाहेर एका खोलीत दोघं राहत. धुरपदाबाईला जगाकडून एकच गोष्ट हवी होती: नवरा 'कायम' झाल्याचा कागद. तो आला की इच्छादेवीला साडीचोळी, असा तिचा नवस होता. साडी तिनं घेऊनही ठेवली होती. हिरवी. दर दिवाळीला ती पेटीतून काढून उन्हात घाली आणि परत ठेवी.

मास्तरांनी उखर्डूला चालण्याच्या शर्यतीत उतरवायचं ठरवलं आणि नियम समजावला. "नीट ऐक. चालण्याच्या शर्यतीत एक पाय जमिनीवर असलाच पाहिजे. दोन्ही पाय एकदम सुटले की बाद."

"दोनी पाय जमिनीवरून सुटले तं मानूस मरते न, मास्तर."

"म्हणजे तुला नियम समजला."

शिकवायचं असं काही नव्हतंच. मास्तरांनी फक्त घड्याळ धरलं, शिट्टी वाजवली आणि दर शर्यतीनंतर आपणच दमून बसले. बावन्न साली खांडव्याला उखर्डू पहिला आला. त्रेपन्न, चौपन्न, पंचावन्न, तिन्ही साली नागपूरला प्रांताचा अजिंक्यवीर. पहिल्या खेपेला प्रेक्षक त्याच्या कमरेकडं बघून हसले. दुसऱ्या खेपेला त्यांनी त्याची नक्कल केली. तिसऱ्या खेपेला ते उभे राहिले. बुऱ्हाणपुरात लालबागच्या स्टेशनावर मास्तरांनी बँड लावून त्याला उतरवून घेतला. उखर्डू बँडच्या इतका पुढं निघून गेला की मिरवणूक उत्सवमूर्तीशिवायच शहरात शिरली. तीन कप मिळाले. एकात धुरपदाबाईनं हळद ठेवली, दुसऱ्यात मीठ, आणि तिसरा मोठा होता म्हणून त्यानं ज्वारी मापली. पदकाची चकती मात्र उखर्डू कोटाच्या आत बाळगी. गंजीतल्या पाटलाला बाहेर काढायचं झालं की ती दाखवी. म्हणे, "पयून उपेग नाही, पाटील. हे पाहा."

मग छप्पन्न साल आलं आणि राज्यांची मोडतोड झाली. नागपूर परक्या राज्यात गेलं, बुऱ्हाणपूर नव्या मध्य प्रदेशात राहिलं, राजधानी भोपाळला झाली. चार मुलखांचे कारकून एका यादीत घालायचे, चार मुलखांचे शिपाई एका यादीत, कोण कोणाच्या वर, कोण कोणाच्या खाली. त्यात चालण्याचे चॅम्पियनही चार निघाले. प्रत्येकाकडं कप होता. सत्तावन्न साली भोपाळला चौघांना एका रेषेवर उभं केलं तेव्हा उखर्डू तिसरा आला. पहिला आला तो माळव्याकडचा एक पोलीस. पंचविशीचा, मांड्या खांबासारख्या. उखर्डू पस्तिशीच्या पुढं गेला होता.

त्याच सुमारास कचेरीत शिपायांची यादी लागली. हंगामी लोकांना कमी करायचं होतं. साहेब भला माणूस होता. त्यानं उखर्डूला बोलावून सांगितलं, "देखो, खिलाड़ियों के लिए एक कायदा है. स्टेट में फर्स्ट आओ, तो मैं फाइल ऊपर भेज दूं. फर्स्ट. तीसरे का मैं कुछ नहीं कर सकता."

उखर्डूनं हे घरी सांगितलं. धुरपदाबाईनं मास्तरांना बोलावून घेतलं. चहा दिला आणि एवढंच म्हणाली, "मास्तर, तुमीच यायले या रस्त्याले लावलं. आता पोचवा."

मास्तर त्या दिवसापासून बदलले. त्यांच्या गोष्टीतली सायकल वेग घ्यायची थांबली. कोणीतरी त्यांना सांगितलं की तो माळव्याचा पोलीस शर्यतीआधी कसल्याशा इंग्रजी गोळ्या खातो. खरं की खोटं हे मास्तरांनी विचारलं नाही. त्यांना ते खरं हवं होतं. ते उठून अनंतशास्त्री वैद्यांकडं गेले.

शास्त्रीबुवांकडं कुचला होता. कुचला म्हणजे एक बी, राखाडी, चपटं, कोटाच्या बटणाएवढं. दुधात शिजवून शुद्ध केलं तर लकव्याच्या माणसाला उभं करतं. नाही केलं तर उभ्या माणसाला आडवं. शास्त्रीबुवांनी कुरकुरत एक बारीक गोळी दिली. उखर्डूनं ती हातावर घेऊन पाहिली. तो कोर्टाचा माणूस.

"मास्तर, हे कायद्यात बसते का?"

मास्तरांकडं शर्यतीच्या नियमांचं इंग्रजी पुस्तक होतं. त्यात उत्तेजक औषधांबद्दल एक कलम होतं. ते पान मास्तरांनी दुमडून ठेवलं होतं. "कायद्यात चालण्याबद्दल लिहिलंय," ते म्हणाले, "खाण्याबद्दल नाही."

"मंग ठीक," उखर्डू म्हणाला आणि गोळी गिळली.

गोळी लागू पडली. पाय तारेसारखे होतात, असं तो सांगे. रस्ता आपण होऊन मागं जातो. अठ्ठावन्न साली तो राज्यात दुसरा आला, एकोणसाठ साली पुन्हा दुसरा. पोलीस पहिला. दुसऱ्याचंही साहेब काही करू शकत नव्हता. यादी तीनदा पुढं ढकलली गेली होती, चौथ्यांदा ढकलली जाणार नव्हती. गोळ्या आता रोजच्या झाल्या होत्या. बोटं थरथरत, जेवताना जबडा मध्येच थबके. धुरपदाबाई विचारी, "काय झालं?" तो म्हणे, "दाताखाली खडा आला."

साठ सालच्या माघात राज्याची चालण्याची शर्यत बुऱ्हाणपुरातच ठरली. शनवाऱ्यापासून निघायचं, तापी ओलांडायची, अर्ध्या वाटेवर शहापूर, आणि शेवट इच्छापूरला देवीच्या टेकडीच्या पायथ्याशी. मास्तर हर्षानं वेडे व्हायचे बाकी राहिले. हा तर उखर्डूचा रोजचा रस्ता! खड्डा न् खड्डा त्याच्या ओळखीचा. ते शास्त्रीबुवांकडं मोठी गोळी मागायला गेले. शास्त्रीबुवांनी पेटी बंद केली.

"वामन, हे औषध आहे. रोग नाही तिथं मी हे फार दिवस दिलं, ती माझी चूक. आणखी वाढवलं तर काय होतं ते ऐकून घे. जबडा बसतो. पाठ धनुष्यासारखी वाकते. आवाज सहन होत नाही, दार वाजलं तरी आचका येतो. आता जा."

मास्तर गेले, ते सरळ बाजारात. जडीबुटी विकणाऱ्या पसाऱ्याकडून कुचल्याच्या बिया घेतल्या, दोन शेर दूध घेतलं. शास्त्रीबुवांच्या ओसरीवर बसून त्यांनी शुद्ध करण्याची रीत दहादा पाहिली होती. स्वतःच्या स्वयंपाकघरात हे चाललं नसतं, म्हणून भरदुपारी ते उखर्डूच्या खोलीवर पोचले. उखर्डू कचेरीत होता. धुरपदाबाईनं चूल पेटवून दिली.

"कसलं बी म्हनायचं हे?"

"ताकदीचं."

ती चुलीसमोर बसून ते उकळतं दूध पाहत राहिली. तिच्या घरात दूध यायचं ते चहापुरतं, पावशेर. दोन शेर दूध एका भांड्यात तिनं आपल्या चुलीवर कधी पाहिलं नव्हतं. तीन तासांनी मास्तरांनी बिया काढल्या, सोलल्या, तुपात परतल्या, कुटल्या, पुडी बांधली.

शास्त्रीबुवा हे करत तेव्हा शेवटी एक गोष्ट न चुकता करत. ते दूध परसात खड्डा करून ओतत आणि वर माती लोटत. का, ते मास्तरांना चांगलं ठाऊक होतं. बीमधलं विष दुधात उतरतं. कुत्र्यानंसुद्धा चाटता कामा नये. आता हे धुरपदाबाईला सांगायचं तर 'विष' हा शब्द उच्चारावा लागणार. विष म्हटलं की ती पुडीकडं पाहणार. पुडीकडं पाहिलं की नवऱ्याला सोडणार नाही.

"ते दूध आता काही कामाचं नाही हं," मास्तर दारातून म्हणाले आणि सायकलवर बसले.

धुरपदाबाईनं भांड्यात पाहिलं. दूध पांढरंच होतं. नासलं नव्हतं, फाटलं नव्हतं. तिनं बोट बुडवून जिभेला लावलं. कडू. तर कडू. बी ताकदीचं, म्हणजे ताकद थोडी दुधातही उतरलीच असणार. आणि दूध कोणी ओतत का? तिच्या हातून दूध उतू गेलं तरी सासू माहेरचा उद्धार करी. तिनं ते आटवलं. गूळ घातला, वेलदोडा घातला. एक थेंबही स्वतः घेतला नाही. उद्या शर्यत होती, आणि पहाटेच ती देवीला साडी घेऊन इच्छापूरला जाणारच होती. वाटेत शहापूरला थांबेल, तिथं त्याला पाजेल.

शर्यत सकाळी सुटली. पौर्णिमा होती. उखर्डूनं अर्धी पुडी गुळाच्या गोळीत घालून गिळली होती आणि उरलेली कनवटीला लावली होती. पोलीस पहिल्या मैलापासून पुढं. पण तापीच्या पुढं चढ लागला तिथं उखर्डूनं अंतर तोडायला सुरुवात केली. मास्तर सायकलवरून मागोमाग होते, आणि नऊ वर्षांत प्रथमच त्यांना वाटलं की आपण गोष्टीत सांगतो तेवढा वेग खरंच असतो. शहापूरच्या वेशीपाशी दोघं बरोबरीत होते. मास्तर सायकलच्या चाकात अडकलेलं धोतर सोडवत मागं थांबले, म्हणून वेशीत काय झालं ते त्यांनी पाहिलं नाही. धुरपदाबाई लोटा घेऊन उभी होती. उखर्डूनं चालता चालता लोटा तोंडाला लावला. ती त्याच्याबरोबर चार पावलं धावली.

"कडू हाये," तो म्हणाला.

"ताकदीचं हाये. सगयं प्या. दोन शेराचं हाये!"

तो सगळं प्यायला.

इच्छापूर एक मैल राहिलं तेव्हा तो पोलिसाच्या चाळीस पावलं पुढं होता. पण त्याच्या चालीतून कंबर गेली होती. खांदे गेले होते. गुडघे वाकतच नव्हते. लाकडाच्या दोन दांड्यांवर कोणीतरी माणूस पुढं ढकलत न्यावा तसा तो चालला होता, आणि ओठ मागं ओढले जाऊन दात दिसत होते. लोकांना वाटलं, हसतोय. पंचांनी वाकून वाकून पाहिलं. एक पाय जमिनीवर होता. सगळा वेळ होता. त्यानं दोरी छातीनं तोडली आणि मास्तरांनी ठरवून आणलेला बँड एकदम वाजला.

पहिल्याच ठोक्याला उखर्डू जमिनीवर पडला. टाचा आणि डोकं तेवढं जमिनीला, मधलं सगळं अंग कमानीसारखं वर.

"आली! आली!" बायका ओरडल्या. "देवी आली अंगात!"

दुसरं काय वाटणार? देवीचा पायथा, पौर्णिमा, पहिला आलेला माणूस आणि असं अंग. पुजारी हळदकुंकू घेऊन आला. ढोलवाले टेकडीवरून धावत उतरले. देवी आली म्हणजे वाजवायला हवं, थांबलं तर देवी कोपते. ढोलाच्या दर ठोक्याला उखर्डूचं अंग उसळे, आणि अंग उसळलं की ढोल जोरात. धुरपदाबाई मागाहून आलेल्या गाडीतून उतरली, गर्दीत शिरली. नवऱ्याच्या अंगात इच्छादेवी पाहून तिनं बरोबर आणलेली हिरवी साडी उलगडली आणि त्याच्यावर पांघरली.

मास्तर तिथंच होते. जबडा, पाठ, आवाज. तिन्ही खुणा त्यांनी ऐकलेल्या होत्या, आणि त्या गर्दीत त्या ओळखणारे ते एकटे होते. हात वर करून "थांबवा" म्हणायचं होतं. पण 'का' असं कोणीतरी विचारलं असतं. मास्तर उभे राहिले. किती वेळ, हे त्यांनी नंतर कधी सांगितलं नाही. बँडवाल्यांची एक अख्खी चाल वाजून झाली आणि दुसरी सुरू झाली.

ढोल थांबवला तो शर्यतीसाठी आलेल्या सरकारी डॉक्टरनं. त्यानं ढोलवाल्याच्या हातातली टिपरी हिसकावून फेकली, बायकांना शिव्या दिल्या, रोग्याला उचलून धर्मशाळेच्या अंधाऱ्या खोलीत नेलं, खिडक्यांना गोधड्या लावल्या आणि दाराशी शिपाई बसवला. आत कोणी चप्पल घालूनही जायचं नाही. कनवटीची पुडी त्याला सापडली. जिभेला लावून तो थुंकला.

तीन दिवस उखर्डू त्या अंधारात होता. मृत्यू येऊन गेला असावा. त्यानं याही वेळी टाकून दिलेला माणूस समजून त्याला सोडून दिलं.

धर्मशाळेच्या ओट्यावर धुरपदाबाईनं मास्तरांना विचारलं, "मास्तर, दुधात काही होतं का?"

"कसलं दूध?"

तिनं लोट्याची हकिगत सांगितली. मास्तरांनी लोटा हातात घेऊन आत पाहिलं. मग म्हणाले, "नाही. दुधात काय असणार? ऊन लागलं." हे आपण तिच्यासाठी बोललो, असं ते स्वतःला सांगत. आणि मास्तर स्वतःचं म्हणणं लगेच ऐकणारे होते.

चौथ्या दिवशी तिघा अधिकाऱ्यांनी चौकशी केली. उखर्डूला खुर्ची दिली होती, कारण त्याचे पाय उभं राहू देत नव्हते. "ये पुड़िया किसने दी?"

उखर्डूनं खोलीत पाहिलं. मास्तर खिडकीपाशी उभे होते.

"म्या बाजारातून आनली."

"तुम्हारे उस्ताद को मालूम था?"

"त्यायले काय मालूम? ते मांगं व्हते. सायकलवर."

अधिकारी मास्तरांकडं वळले. मास्तर म्हणाले की आपण खरंच मागं होतो, रस्त्यावर धूळ फार होती.

कप पोलिसाला गेला. उखर्डूचं नाव निकालातून काढलं, आणि मागचे दोन दुसरे क्रमांकही काढले. साहेबानं फाइल वर पाठवली नाही. पाठवण्यासारखं तिच्यात काही उरलं नव्हतं. यादी मार्चमध्ये निघाली.

यादीतल्या हंगामी लोकांना कमी केल्याच्या नोटिसा कचेरीनं नेहमीप्रमाणं वाटायला काढल्या. निंबोल्याच्या बाजूच्या सात आणि शहरातली एक, असा गठ्ठा झाला, आणि त्या बाजूला वाटायचं काम उखर्डूचं होतं. त्यानं गठ्ठा पिशवीत घातला आणि निघाला. पूर्वी सकाळी जाऊन दुपारी परत येण्याचा रस्ता. या वेळी त्याला तीन दिवस लागले.

दुसऱ्या दिवशी मास्तर सायकलवरून त्याच रस्त्यानं चालले होते. नाल्याच्या कठड्यावर खाकी कोट दिसला तसा त्यांनी ब्रेक दाबला आणि सायकल वळवायला लागले. उखर्डू कठड्यावर बसला होता. गुडघे हातांनी धरून ठेवले होते, तरी हलत होते.

"मास्तर," तो लांबूनच म्हणाला, "तुमचा कागद नाही आज. पयू नका."

 सायकल वळलेलीच होती, म्हणून तशीच शहराकडं निघाली.

तिसऱ्या दिवशी संध्याकाळी उखर्डूनं सात नोटिसांच्या सह्या आणून कचेरीत दिल्या. आठवी राहिली होती. ती त्यानं घरी जाऊन वाचली, सही केली आणि दुसऱ्या दिवशी पिशवी नि बिल्ल्याबरोबर जमा केली. तिच्या खाली दोन ओळी होत्या, एक नोटीस देणाराच्या सहीची आणि एक घेणाराच्या सहीची. दोन्हींवर उखर्डू असंच लिहिलं आहे. एप्रिलपासून त्या बाजूच्या नोटिसा टपालानं जाऊ लागल्या.